पिंजणाच्या तालावर छत्रीवाला: मलकापूर ते अमडापूर

"मुका सिनेमा? तो तर आमच्या अमडापूरचा पिंजारी दाखवायचा!"

ऑफिसात डबा उघडता उघडता वंदनाताई हे सहज बोलून गेल्या आणि माझा घास हातातच राहिला. वंदनाताई बुलढाणा जिल्ह्यातल्या, चिखली तालुक्यातल्या. नाशकात येऊन त्यांना वीसेक वर्षं झाली असतील, पण गावाचा विषय निघाला की अजून थांबत नाहीत. मी हळूच विचारलं, कोणता सिनेमा? "नाव कोणाले ठाऊक! एक काटकुळा माणूस असे, हातात छत्री. खानावळीतल्या उशा फोडते मेला, अन् सगळीकडे पिसंच पिसं."

आता माझ्याबद्दल थोडं. शंभर वर्षांपूर्वीचे ते छोटे मुके विनोदी सिनेमे म्हणजे माझा जीव की प्राण. एकेक रीळ दहा-बारा मिनिटांचं, नट स्वतःच जिन्यावरून गडगडणार, स्वतःच चिखलात पडणार, आणि तोंडातून शब्द नाही. बाबांना कानानं फार कमी ऐकू यायचं. बाकीचे सिनेमे आम्ही बघायचो आणि बाबा आमची तोंडं बघायचे. हे सिनेमे मात्र ते आमच्याआधी हसायचे. तेव्हापासून जे वेड लागलं ते आजतागायत उतरलेलं नाही. छत्री घेऊन फिरणाऱ्या एका नटाबद्दल मी कुठे कुठे तुकड्यांत वाचलं होतं. मोजके सिनेमे केले आणि बोलपट आल्यावर गडप झाला. त्याचं एकही रीळ शिल्लक नाही, असंच आम्ही सगळे वेडे धरून चाललो होतो. आणि तो म्हणे अमडापुरात!

त्याच संध्याकाळी वंदनाताईंकडून नंबर घेऊन त्या पिंजाऱ्याला फोन लावला. यासीनचाचा. वडिलांपासून गाद्या-उशांचा कापूस पिंजून द्यायचा धंदा. मी म्हटलं, चाचा, रीळ द्याल का, मुंबईच्या प्रयोगशाळेत नेऊन त्याची नक्कल करून घेते, तुमचं तुम्हाला परत. पलीकडून शांतपणे उत्तर आलं, "पहिले पाहा. मंग सांगतो द्यायचं का नाही ते. सीतादहीच्या दिवशी या, पहिल्या वेचणीले. अन् येताना यंत्राचा पट्टा आणजा, आमचा तुटला."

म्हणजे पंचाईत बघा! इतकं जुनं रीळ सुकतं, आक्रसतं, एकदा यंत्रातून फिरवलं तर चिंधड्या होऊ शकतात. जगातली कदाचित एकमेव प्रत. आणि ती वाचवायची तर आधी ती धोक्यात घालायची. मी रात्रभर तळमळले. संजय, म्हणजे माझा नवरा, म्हणाला, "चल, मीही येतो. तिकडे वांग्याची भाजी झकास मिळते." याला मुक्या सिनेमाचं काडीचं प्रेम नाही. घरातही चादरीची घडी घालायला हाक मारली की हा कुठे गुल होतो ते देव जाणे. पण पट्टा म्हटल्यावर यानं शिलाई मशीनचा चामडी पट्टा शोधून खिशात टाकला. तेवढं श्रेय देऊन टाकते.

मलकापूर

नाशिक रोडहून रात्रीची नागपूरकडे जाणारी गाडी पकडा, सकाळी सकाळी मलकापूरला उतरा. बुलढाण्याला रेल्वे नाही, त्यामुळे हाच दरवाजा. स्टेशनबाहेर पोहे आणि तर्री खाल्ली. तर्री जपून घ्या, संजयच्या डोळ्यांतून पाणी आलं तरी गडी "मस्त आहे, मस्त आहे" म्हणत राहिला. दिवाळी तोंडावर आलेली, त्यामुळे कापसाचे ट्रॅक्टर रस्त्यावर दिसायला लागले होते. भिंतीभिंतीवर बीटी बियाण्याच्या जाहिराती: दोन्ही हातांत न मावणारी बोंडं आणि मिशीला पीळ देणारा शेतकरी. ट्रॅक्टरवरच्या शेतकऱ्यांच्या मिशांना मात्र पीळ दिसला नाही.

एसटीत माझ्या शेजारी एक आजी येऊन बसल्या. मांडीवर पिशवी, पिशवीत कोंबडी.

"कुठी जाऊन राह्यले?"

"अमडापूरला, आजी. सिनेमा बघायला."

आजींनी मला आपादमस्तक न्याहाळलं. "बाप्पा! काऊन, नाशकात टॉकीज नाही काय?"

संजय खिडकीकडे तोंड करून खदखदा हसत होता. पुढे मोताळा गेलं, आणि मग राजूरचा घाट लागला. हा घाट चुकवू नका, डाव्या-उजव्या बाजूची खिडकी असा वाद घालू नका, दोन्हीकडून सुंदर आहे. वर चढलो तशी हवा बदलली, अंगावर शहारा आला. बुलढाणा म्हणजे थंड हवेचं सरकारी गाव: कचेऱ्या, कोर्ट, कॉलेजं, आणि संध्याकाळी फिरायला निघालेले पेन्शनर. स्टँडजवळच्या लॉजवर खोली स्वस्तात मिळाली. गरम पाणी सकाळी बादलीनं मिळतं, सांगून ठेवावं लागतं. जेवणाला ज्वारीची भाकर, वांगी आणि ठेचा, दोघांचं मिळून आमच्या नाशकातल्या एका थाळीच्या पैशात. संजयची यात्रा इथेच सफल झाली. माझी अजून व्हायची होती.

अमडापूर

सकाळी चिखलीची बस, चिखलीहून खामगावकडे जाणारी दुसरी. अमडापूर मोठं गाव आहे, बाजाराचं. टेकडीवर देवीचं देऊळ, वेळ असेल तर चढून जा, वरून सगळा मुलूख दिसतो. आम्हाला वेळ नव्हता. यासीनचाचा स्टँडवरच उभे होते, पांढरी दाढी, बनियनवर कोट.

"पट्टा आणला काय?" नमस्कार-चमत्कार काही नाही. संजयनं खिशातून पट्टा काढला. चाचांनी ओढून पाहिला, वास घेतला, आणि संजयच्या पाठीवर थाप मारली. "पाहुणा कामाचा हाय!" तेव्हापासून संजय जो फुगला तो नाशिकपर्यंत.

चाचांच्या घरी ओसरीवर पिंजण टांगलेलं होतं. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी: माणसापेक्षा लांब धनुष्यासारखं लाकूड, त्याला आतड्याची ताणलेली तात. लाकडी मोगरीनं तातीवर ठोका द्यायचा, तात कापसात थरथरते आणि गुठळ्या झालेला कापूस उडून हलका होतो. आता गावात फोमच्या गाद्या आल्या, पिंजायचं काम जवळपास संपलं. सिनेमाचं यंत्र आणि रिळाचे दोन डबे चाचांच्या वडिलांना एका जिनिंग कारखान्याच्या साहेबानं जाताना दिलेले. एका डब्याच्या झाकणावर पांढऱ्या कापडाचा तुकडा चिकटवलेला, दुसऱ्यावर लाल. मूळची अक्षरं कधीच पुसली गेलेली. मी पांढरा डबा उघडला. आंबूस वास आला. कडा आत वळलेल्या, पट्टी बोटाला कडक लागली.

"चाचा, हे नका चालवू," मी अक्षरशः हात जोडले. "तुटलं तर परत मिळायचं नाही कुणाला."

"अन् नाही चालवलं तर कोणाले मिळते?" चाचा म्हणाले. "बायाइले शब्द देल्ला हाय. दोन साल खेळ झाला नाही. एका साली गावात हसायसारखं काही नव्हतं, दुसऱ्या साली पट्टा तुटला. औंदा दाखवतो म्हटलं तर दाखवतो."

मी डब्याचं झाकण लावलं.

दुपारी शांताबाईंच्या वावरात गेलो. शांताबाई म्हणजे त्या शेताच्या मालकीण, आवाज असा की दोन वावरं पलीकडचा बैल वळून बघेल. पहिल्या वेचणीआधी इकडे सीतादही करतात: कापसाच्या झाडाखाली पूजा, दहीभाताचा नैवेद्य, थोडा भात चारी बाजूंनी शेतात उडवायचा, आणि मग पहिली बोंडं वेचायची. मी हौसेनं वेचायला गेले आणि बोंडाच्या टोकांनी बोटं ओरबाडून घेतली. बाया हसल्या. पण झाडं बघून त्यांचं हसू टिकत नव्हतं. पाऊस मधेच दडी मारून बसला होता आणि लाल्या रोगानं पानं लाल पडली होती.

"बियाण्याच्या पाकिटावर पाहा अन् इथं पाहा," शांताबाई मला म्हणाल्या. "पाकिटावर नारळ, वावरात सुपाऱ्या! अन् पाकिटाचा भाव मात्र नारळाचाच."

"मग सिनेमाचं कसं सुचतं अशात?" मी विचारून गेले.

"अवं, उद्यापासून कमरा मोडतीन, तोंडं वाकडी होतीन. आधी एक डाव हसून घेतो, मंग वेचतो. माह्या सासूपासून असंच हाय. ते दोन साल सोडले तर छत्रीवाला पाह्यल्याबिगर आमची वेचणी सुरू झाली नाही."

खेळ

शांताबाईंची कापूस साठवायची खोली, वेचणीआधी रिकामीच. खिडक्यांना गोधड्या टांगून दुपारी केलेला अंधार. समोरच्या भिंतीवर चाचीनं धुऊन आणलेली पांढरी चादर. ट्रॅक्टरची बॅटरी, तिच्यावर दिवा. पट्टा संजयनं स्वतः चढवला, त्याचा रुबाब काय वर्णावा! आणि मग चाची येऊन यंत्रामागे बसल्या. हो, हँडल चाची फिरवतात! चाचा चादरीशेजारी पिंजण घेऊन उभे. मी म्हटलं, हे कशाला? वंदनाताईंनी मला सगळं सांगितलं होतं, हेच तेवढं नव्हतं सांगितलं.

चाचांनी पांढरा डबा दिला. चाचीनं हँडल फिरवलं. चादरीवर उजेड थरथरला, आणि तो आला!

काय सांगू तुम्हाला! लांब मान, पडलेले खांदे, चेहऱ्यावर रेषा हलत नाही. काखेत छत्री. खानावळीतल्या पाहुण्यांच्या खोलीत तो उशी उचलतो, उशीला छत्रीचं टोक लागतं, आणि पिसं बाहेर. एक पीस नाकावर बसतं. तो ते फुंकतो, दुसऱ्या पाहुण्याच्या मिशीवर जाऊन बसतं. तिथून जे सुरू होतं! आणि प्रत्येक उशी फुटली की चाचा तातीवर ठोका देत होते. टण्ण! माझ्या बरगड्यांत तो आवाज घुमत होता. जाडा पाहुणा घसरला की मोगरी सरसर तातीवरून फिरायची. वर चाचांचं बोलणं चालूच: "पाय, पाय, आता येते मालकीण! लपव बे! कुठी लपवतं? पोटात घाल!" आणि तो खरोखरच पिसं सदऱ्यात कोंबायला लागला. साठ-सत्तर बाया-माणसं एकमेकांच्या अंगावर पडून हसत होती. एका बाईनं हसता हसता माझ्या मांडीवर थापा मारल्या. मी रडत होते आणि हसत होते. बाबा हवे होते, एवढंच डोक्यात येत होतं.

शेवटी मालकीण त्याला हाकलते. वाऱ्यानं छत्री उलटी होते, काड्या मोडतात, आणि तो लांब रस्त्यानं एकटा चालायला लागतो, पाठमोरा. पडद्यावर इंग्रजी पाटी आली: समाप्त.

आणि सगळे उठले! "चला, चहा!" शांताबाईंनी पुकारा केला. पन्नासेक वर्षं त्या पाटीचा अर्थ या गावात 'चहा' असा होता.

माझ्या डोक्यात तेव्हा प्रकाश पडला. पांढरा डबा म्हणजे सिनेमाचा दुसरा भाग! रिळं उलटी लावतात हे लोक! मी संजयला कोपरानं ढोसलं, "अरे, हे उलटं आहे. आधी लाल पाहिजे." संजय कपातला चहा फुंकत म्हणाला, "तू गप बस बरं. लोक बघतायत ना?"

चहानंतर लाल डबा. सिनेमाचं नाव असावं ती पाटी इतकी ओरखडलेली की एक अक्षर लागेना. मग पाऊस, खानावळीचं दार, आणि दारात छत्रीवाला. छत्री धडधाकट! चाचा ओरडले, "सुधरवून आणली बे?" आणि सगळी खोली एका सुरात, "आणली!" मालकिणीची मुलगी दार उघडते, त्याला आत घेते. तो खाटा लावायला शिकतो, उशा फुगवायला शिकतो. मग ती चादरीचं एक टोक त्याच्या हातात देते. दोघं घडी घालतात. एक घडी, आणि दोघं एक पाऊल जवळ. दुसरी घडी...

खर्र. पट्टी तुटली. चादरीवर नुसता पांढरा उजेड.

चाचीनं हँडल सोडलं, त्यांच्या पायाशी पट्टीचे तुकडे पडले होते. मी उठायला लागले. पण खोलीत कुणी हललंसुद्धा नाही. चाचांनी शांतपणे मोगरी उचलली. टण्ण.

"धर टोक!" शांताबाईंचा आवाज.

टण्ण. "आता जवळ ये!" बाया.

टण्ण. "अजून जवळ! लाजते काऊन बे?"

टण्ण. "घडी झाली!"

पांढऱ्या चादरीकडे बघत अख्खी खोली हसत होती, टाळ्या पिटत होती. मला सांगा, मी आजवर इतके सिनेमे पाहिले, असा शेवट कुठे पाहिला नाही.

दोन डबे

बाया पांगल्यावर चाचा तुकडे रुमालात गोळा करत होते. माझ्याच्यानं राहवलं नाही. म्हटलं, चाचा, एक सांगू? तुम्ही लाल डबा आधी लावायला हवा. खरा सिनेमा तसा आहे.

"मालूम हाय," चाचा म्हणाले. "अब्बानं असाच लावला. आमचा धंदाच असा. जुनी गादी आली का पहिले फाडायची, कापूस उडवायचा, मंग नवी भरायची. पिसं उडून राह्यले म्हणजे हे पहिलं, अब्बाले वाटलं. मंग जिनिंगच्या एका बाबूनं सांगतलं का उलटं हाय. एका साली मी सरळ लावला."

"मग?"

"लोक चूपचाप उठून गेले. दुसऱ्या दिवशी शांताची सासू आली दारात. म्हणे, यासीन, त्या पोऱ्याले मोडकी छत्री देऊन रस्त्यावर काऊन सोडलं? मले रातभर झोप नाही. आज परत दाखव, त्याले घरी आण, मंगच आम्ही वावरात जातो." चाचा हसले. "परत दाखवला. तेव्हापासून पहिले पांढरा."

चाची घरून शेवया घेऊन आल्या. चाचांनी दोन्ही डबे आणि रुमाल माझ्या मांडीवर ठेवले.

"ने. पाह्यलं ना तू, कसा पाहायचा ते."

नाशिक

प्रयोगशाळेत दोन महिने गेले. तिथल्या माणसानं जीव तोडून काम केलं, त्याला माझा दंडवत. पांढरा डबा जवळजवळ पूर्ण वाचला. लाल डबाही, शेवटचा भाग सोडून. रुमालातले तुकडे हात लावताच भुगा होत होते. चादरीच्या दोन घड्या आहेत, पुढच्या गेल्या. त्यानं विचारलं, जोडताना क्रम काय? मी म्हटलं, पांढरा आधी. तो म्हणाला, मधेच 'समाप्त' येतंय, मॅडम. म्हटलं, येऊ दे, तेव्हा चहा असतो.

चाचांना फोन केला. डबे आणि एक सीडी पाठवतेय म्हटलं, आणि शेवट वाचला नाही हेही घाबरत घाबरत सांगितलं. ते म्हणाले, "बरं झालं. शेवट आमच्याजवळ हाय ना. कापूस झाला थोडासा, पण वेचला सगळा."

जाऊन काय मिळालं, असं विचाराल तर खर्चाच्या मानानं फार मिळालं. तुम्ही जाणार असाल तर दिवाळीच्या आसपास जा, स्वेटर न्या, तर्री जपून खा.

गेल्या रविवारी आमच्या हॉलमध्ये खेळ ठेवला. वेडे मित्र, वंदनाताई, सोसायटीतले चार जण. भिंतीला आमचीच पांढरी चादर. 'समाप्त' आल्यावर वंदनाताईंनी उठून चहा दिला, बाकीचे गोंधळले. मग दार, पाऊस, दुरुस्त छत्री. मग चादर. एक घडी, दुसरी घडी, आणि पांढरा उजेड. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी शेवट सांगायला तोंड उघडलं.

तेवढ्यात संजय उठला. भिंतीवरची चादर त्यानं खाली ओढली, दोन टोकं माझ्या हातात दिली, दोन स्वतः धरली आणि चार पावलं मागे गेला.

"धर टोक," तो म्हणाला. "लाजते काऊन बे?"